पाण्याखालचा उजेड

"ह्ये खोटं हाय," गणपतराव म्हणाले. "पाण्यात असं कुटं दिसतंय?"

टीव्हीवर निळंशार पाणी होतं आणि त्यात पार तळापर्यंत ऊन पोचलं होतं. तळाला फुलकोबीच्या गड्ड्यांसारखं, सांबराच्या शिंगांसारखं काहीबाही उगवलेलं, आणि त्याच्यामधून पिवळे, जांभळे, पट्ट्यापट्ट्यांचे मासे रविवारच्या बाजाराला आल्यासारखे निवांत हिंडत होते. बाहेर कोल्हापूरच्या कसबा बावड्यात आषाढ कोसळत होता. गल्लीतलं पाणी गढूळ, नदीचं गढूळ, नळाला येणारंसुद्धा गढूळ. असल्या दिवसांत टीव्हीतलं ते पाणी कुणालाही थापच वाटलं असतं.

"खोटं कशाला असंल, आबा? मीच आणलंय की. लक्षद्वीपचं हाय," त्यांची नात वर्षाराणी म्हणाली.

"तू आणलंस म्हणून खरं हुतंय व्हय? आजकाल काँप्युटरवर कायबी करत्यात. परवा ह्या दस्तगीरच्या मोबाइलात वाघ मोटारसायकल चालवत हुता."

"त्यो वाघ खरा हुता," शेजारच्या खुर्चीतून दस्तगीर म्हणाले. "लायसन नव्हतं त्येच्याकडं, इतकंच."

दस्तगीर म्हणजे गणपतरावांचे जन्माचे दोस्त. बावड्यातच त्यांचं पाण्याच्या मोटारी रिवाइंड करायचं दुकान होतं. आता ते मुलगा बघायचा आणि दस्तगीर दुपारची बैठक गणपतरावांच्या सोप्यात मारायचे. नदीतली जळालेली मोटार गणपतरावांनी काढायची आणि दस्तगीरनी तिच्यात नवी तार भरायची, असा दोघांचा संसार वर्षानुवर्षं चाललेला.

गणपतरावांचा संशय अगदीच वाऱ्यावरचा नव्हता. माणसाचा उभा जन्म पाण्याखाली गेलेला. नदीतून शेताला पाणी ओढणाऱ्या पाइपाच्या तोंडाशी फूटव्हॉल असतो. त्याच्या जाळीत जलपर्णी, चिंध्या, प्लास्टिक अडकलं की मोटार नुसती बोंबलत बसते, पाणी काही ओढत नाही. मग कुणीतरी खाली बुडी मारून तो कचरा हातानं उपसावा लागतो. बावड्यापासून खाली शिरोळपर्यंत ते कुणीतरी म्हणजे गणपतराव. कमरेला दोरी, छातीत मावेल तेवढा श्वास, आणि खाली. पंचगंगेत एका पुरुषाच्या खाली गेलं की डोळे उघडे ठेवा नाहीतर मिटा, अंधार सारखाच. पाइप, जाळी, नटबोल्ट, दगड, सगळं हातानं बघायचं. पाण्याखाली उजेड असतो असं त्यांना आजवर कुणी सांगितलं नव्हतं, आणि सांगितलं असतं तरी त्यांनी त्याला वेड्यात काढलं असतं.

मग त्यांनी मुद्द्याचा प्रश्न विचारला.

"आणि ह्यो कॅमेरा खाली गेला कसा? कोण उतरलं हुतं?"

वर्षा रिमोटची बटणं चाचपत म्हणाली, "कुणी न्हाय. बोटीतनं दोरीनं सोडत्यात. तळाला जाऊन बसतोय आणि आपलं आपण टिपत राहतोय. मग वर वढून घ्यायचा."

"आणि तू?"

"मी बोटीत. टोपी घालून."

"गाठ कंची मारता?"

वर्षानं बोटांनी कसलीशी गाठ हवेतच मारून दाखवली. तेव्हा गणपतरावांनी दोरीचा तुकडा मागवला, खुर्चीच्या पायाला गाठ मारून दाखवली, सोडली, परत दाखवली आणि तिच्याकडून दोनदा करून घेतली. "ही सुटणार न्हाय. जड वस्तूला हीच मारायची," म्हणाले. वर्षानं मान डोलावली. स्वयंपाकघराच्या दारात तिची आई संयोगिता उभी होती, ती तशीच आत वळली.

हे सगळं विचारायला कारण होतं. वर्षाचे वडील, म्हणजे गणपतरावांचा एकुलता एक मुलगा विजयसिंह, याच कामात पाण्यात गेला. तेव्हापासून या घरातलं माणूस पाण्यात पाऊल घालत नव्हतं. गणपतीसुद्धा दारात गुळाची काहील पाण्यानं भरून तिच्यात पोचवायचे. वर्षा शाळेत असताना वर्ग रंकाळा तळ्यावर निघाला, तर गणपतराव मागून सायकल मारत गेले आणि पोरीला काठापासून दूर, भेळेच्या गाड्याजवळ बसवून आले. ती प्राणिशास्त्र शिकली, समुद्रातल्या जीवांचा अभ्यास करणाऱ्या एका संस्थेत लागली, तेव्हा त्यांनी आठवडाभर तोंड फुगवलं होतं. शेवटी 'काम म्हणजे माशांची जनगणना, तीही टीव्हीवर बघून' असं तिनं पटवलं तेव्हा कुठं गडी निवळला. घरात विजयसिंहाची एवढी एकच खूण उरली होती, आणि ती कोरडी राहावी एवढंच त्यांचं देवाकडं मागणं होतं.

पावसाळ्यात समुद्र खवळलेला, बोटी बंद. वर्षा घरी बसून मागच्या हंगामातल्या फिल्म बघायची आणि कुठला मासा किती वेळा आला याचा हिशेब लॅपटॉपवर करायची. आबांसाठी म्हणून तिनं एक लाल पेनड्राइव्ह भरून दिला होता. तो टीव्हीला लावून दोघे म्हातारे दुपारभर समुद्राच्या तळाशी बसू लागले.

खोटेपणाचा आरोप मागं कसा घेतला गेला, तेही सांगायला हवं. एका फिल्ममध्ये ताटाएवढा चपटा मासा वाळूवर आला आणि त्यानं अंग झाडलं. वाळूखालचा बारीक गाळ उठला, पांढुरका ढग झाला, एका अंगाला कलंडत कलंडत गेला आणि हळूहळू बसला. गणपतराव खुर्चीत पुढं सरकले. हा गाळ त्यांनी आयुष्यभर बोटांनी उठवला होता, तो असाच अंगावरून सरकून जायचा. डोळ्यांनी बघायची वेळ आज पहिल्यांदा आली.

"खरं हाय ह्ये," ते म्हणाले. दस्तगीर पेंगत होते, त्यांना ऐकू गेलं नाही.

त्या दिवसापासून माणूस पुरता पागल झाला. वर्षा शास्त्रीय नावं सांगायची, ती दोघांच्याही जिभेला पेलायची नाहीत; मग त्यांनी बावड्यातली नावं वापरायला सुरुवात केली. तळहाताएवढा एक काळपट मासा होता. त्याचा शेवाळाचा हातभर तुकडा. तिथं कुणी तोंड घातलं की हा अंगावर धावून जायचा, मग समोरचा दहापट मोठा का असेना. गल्लीत धोंडुबाई अशाच होत्या, बांधावरच्या वीतभर जागेसाठी भावकीला कोर्टात खेचलेल्या. माशाचं नाव धोंडुबाई पडलं. खुद्द धोंडुबाई एकदा ताक मागायला आल्या तेव्हा दस्तगीरना असा काही ठसका लागला की पाणी पाजावं लागलं.

"तो मोठा बग," गणपतराव म्हणायचे. "ठिपक्यांचा. तोंड वासून बसलाय."

तोंड वासून बसलेल्या त्या धटिंगणाच्या जबड्यात बोटभर लांबीचा निळा मासा बिनधास्त शिरायचा, दात कोरायचा, गालफडं साफ करायचा आणि कल्ल्यातून बाहेर यायचा. मागं आणखी दोन मोठे मासे आपल्या पाळीची वाट बघत थांबलेले.

"न्हाव्याचं दुकान हाय," दस्तगीरनी निकाल दिला.

"पर गिळत कसा न्हाय त्येला?"

"गिळला तर उद्या दात कोण घासणार?" आतून वर्षा म्हणाली.

"बग लेका, माशाला कळतंय ह्ये," दस्तगीर म्हणाले. "आमच्या भावाला अजून कळलं न्हाय."

हिरव्या-गुलाबी रंगाचे, चोच असलेले मासे आले की दोघं आवाज वाढवायचे, कारण ते राघू दगडासारखं पोवळं कडाकडा फोडून खायचे आणि ते खरोखर ऐकू यायचं. वर्षानं सांगितलं, की ते पोवळं त्यांच्या पोटात दळलं जातं आणि मागून वाळू होऊन पडतं. त्या बेटांवरची पुष्कळशी वाळू अशीच झालेली.

दस्तगीर गंभीर झाले. "मग ह्या वाळूचा ठेका कुणाकडं हाय?"

ती फुलकोबी, ती शिंगं म्हणजे झाडंही नव्हेत आणि दगडही नव्हेत, बारक्या बारक्या जीवांनी पिढ्यान्‌पिढ्या बांधलेली घरं आहेत, हे गणपतरावांच्या मनाला फार भिडलं. एका फिल्ममध्ये ती सगळी घरं पांढरी पडलेली दिसली. चुना फासल्यासारखी.

"मेली?"

"न्हाय अजून. आजारी हाईत. पाणी तापलं की रंग सोडत्यात. लवकर गार झालं तर परत धरत्यात."

"आणि न्हाय झालं तर?"

वर्षानं खांदे उडवले. गणपतरावांनी ती फिल्म पुन्हा लावली नाही.

दुपारी दस्तगीर घरी गेले, की ते एकटेच थोडा वेळ बघत बसायचे. ऊन तळावर हलत असायचं. विज्याला हे दाखवायला हवं होतं, असं त्यांच्या मनात यायचं. पोराला पाण्याचं वेड. लहानपणी अंघोळीची बादली सोडवेना, मोठा झाल्यावर बुडी मारून वर आला की विचारायचा, "आबा, खाली उजेड असता तर काय काय दिसलं असतं हो?" गणपतराव सांगायचे, "गाळ दिसला असता. काम कर."

विजयसिंह गेला तो शिरोळकडच्या एका विहिरीवर, उन्हाळ्यात. फूटव्हॉल चोंदला होता. लाइट गेलेली, यायला अवकाश होता, तेवढ्यात काम उरकायचं ठरलं. गणपतराव दोरी धरून काठावर, विजयसिंह खाली. त्यानं जाळी काढून हात आत घातला असेल नसेल, आणि लाइट वेळेच्या आधीच आली. मोटारीच्या खोलीत स्टार्टर ऑटोवर, म्हणजे लाइट आली की मोटार आपोआप सुरू होईल असा ठेवून मालकाचा माणूस जेवायला गेला होता. यात त्याला वेगळा दोष देण्यात अर्थ नव्हता. आमच्याकडं सगळेच ऑटोवर टाकून जातात. लाइट केव्हा येईल याचा भरवसा नसतो, आणि ती आल्यावर एक मिनिटसुद्धा फुकट जाऊ नये म्हणून माणसानं लावलेली ती शक्कल आहे. खोलीला कुलूप होतं. मोटार सुरू झाली, पाइपानं हात आत ओढून धरला आणि दोरी ताठली.

दोरी धरणाऱ्यानं दोरी सोडायची नाही, हा धंद्याचा पहिला नियम. गणपतरावांनी तो स्वतः मुलाला शिकवला होता. त्यांनी दोरी सोडली नाही. ओढत राहिले. कुणीतरी कुलूप फोडून मोटार बंद केली तेव्हा दोरी एकदम सैल झाली आणि ते मागच्या मागं पडले.

त्यानंतर त्यांनी धंदा बंद केला. गावातला गुंडू आता ते काम करतो. त्या दिवसाबद्दल गणपतराव कुणाशी बोलले नाहीत; दस्तगीरशी नाही, सुनेशी नाही. सगळ्यांना काय झालं ते ठाऊक होतं, त्यामुळं कुणी विचारलंही नाही.

गौरी-गणपती झाले. पाऊस उघडला. वर्षा दसऱ्यानंतर परत जाणार होती, आणि काही खरेदीसाठी आज महाद्वार रोडला गेली होती. दस्तगीर पाहुण्यांकडं गेले होते. गणपतरावांना धोंडुबाईची आठवण झाली, पण लाल पेनड्राइव्ह सापडेना. वर्षाच्या टेबलावर दुसरा एक काळा पडला होता. पोरीनं बघायला मनाई अशी कधीच केली नव्हती, म्हणून त्यांनी तो नेऊन टीव्हीला खोचला आणि पहिलंच चित्र दाबलं.

ही फिल्म नेहमीसारखी सुरू झाली नाही. चित्र गदागदा हललं. बुडबुडे वर गेले. मग एक हात दिसला, काळा हातमोजा घातलेला. त्यानं कॅमेऱ्याचा पाय दगडांत घट्ट रोवला. चित्र स्थिर झालं आणि समोर एक तोंड आलं. नाकाडोळ्यांवर काच, तोंडात नळी, केस वर तरंगणारे. काचेतून दोन डोळे कॅमेऱ्यात रोखून बघत होते.

क्षणभर त्यांना वाटलं, विज्या.

मग कळलं, की वर्षा.

तिनं कॅमेरा चालू आहे ना ते पाहिलं, वळली, आणि पायांना लावलेली लांब पाती हलवत डाव्या अंगाला निघाली. गणपतरावांनी तिची कंबर पाहिली. कमरेला दोरी नव्हती. पाठीवर टाकी होती, पट्टे होते, सतराशे साठ वस्तू लोंबत होत्या. दोरी तेवढी कुठंच नव्हती. ती लहान लहान होत गेली, निळी होत गेली, आणि मग पाणीच राहिलं.

थोड्या वेळानं मासे परत आले. न्हाव्याचं दुकान उघडलं. राघूंचा थवा पोवळं फोडत गेला. गणपतरावांना त्यातलं काही दिसलं नाही. ते पडद्याच्या डाव्या कोपऱ्याकडं बघत होते. हात खुर्चीच्या दांड्यांवर असे आवळले होते की शिरा वर आल्या.

"मामा, ताट वाढलंय," संयोगितानं आतून सासऱ्यांना हाक मारली.

ते उठले नाहीत. फाटक वाजलं. वर्षा आली; चपला काढता काढता आईला काहीतरी सांगून मोठ्यानं हसली. तो आवाज त्यांनी ओळखला. पोरगी घरात आहे, चार हातांवर आहे, धडधाकट आहे, हे त्यांना पक्कं कळत होतं. पण नजर कोपऱ्यावरून हलेना. जी पाण्यात गेली होती ती अजून आली नव्हती.

आणि तेवढ्यात फिल्म संपली. निळं पाणी गेलं, काळ्या पडद्यावर नुसती चौकटीचौकटींची रांग आली. गणपतरावांनी रिमोटची सगळी बटणं दाबून पाहिली.

संयोगिता पदराला हात पुसत बाहेर आली, मागोमाग वर्षा. "मामा, भाकरी गार व्हाय लागलीया. चला की."

"थांब," गणपतराव म्हणाले. "पोरगी अजून पाण्यात हाय."

दोघी जागच्या जागी उभ्या राहिल्या. वर्षानं टीव्हीला लावलेला काळा पेनड्राइव्ह पाहिला. मग ती पुढं आली, आजोबांच्या हातातून रिमोट घेतला आणि हळूच म्हणाली, "तुकडे पडत्यात, आबा. एका फिल्मचे चार-पाच हुत्यात. लावते पुढचा."

"लाव."

निळं पाणी परत आलं. ती त्यांच्या खुर्चीशेजारी जमिनीवर बसली.

"शेवटाकडं नेऊ का? मी येते शेवटाला."

"न्हाय. पळवायचं न्हाय. हाय तसं चालू दे."

म्हणून ते तसंच चालू दिलं. सोप्यात तिघं जण आणि समोर समुद्र. एक कासव आलं, कॅमेऱ्याला नाक लावून गेलं. एरवी गणपतरावांनी दस्तगीरना हाक मारून घर डोक्यावर घेतलं असतं. आता ते नुसते बघत होते. एक तुकडा संपला, वर्षानं दुसरा लावला. संयोगितानं भिंतीला पाठ टेकली होती.

"माझ्याशी खोटं बोललीस," गणपतराव म्हणाले.

"व्हय."

"गाठ शिकवली तवाबी?"

"तवाबी."

"तिला बोलू नका, मामा," संयोगिता म्हणाली. "मी पाठिवली. बुडी शिकायच्या फॉर्मवर सही माझी हाय. तुमास्नी सांगायचं न्हाय असंबी मीच सांगितलंतं."

गणपतरावांनी मान वळवून सुनेकडं पाहिलं. एवढ्या वर्षांत ती त्यांच्यासमोर असं एका दमात कधी बोलली नव्हती.

"तू? तुझा नवरा गेला त्या पाण्यात."

"गेला की. तुमी आणि मी तवापासनं भिऊन जगताव. ही पोरगी बादलीला भ्यायची, मामा, बादलीला. तिच्या बापाला केवढं येड हुतं पाण्याचं. म्हटलं, घरात एक माणूस तरी न भिणारं असू दे."

गणपतरावांना राग यायला हवा होता, आणि तो आलाही. पण तो कुणावर काढावा ते कळेना. ते परत पडद्याकडं वळले. डाव्या कोपऱ्यातल्या निळ्यात काहीतरी गडद झालं. हललं. मोठं होत आलं.

"आली," वर्षा म्हणाली.

पण येणारी एक नव्हती. शेजारी शेजारी दोघी होत्या. हात लांब केला तर लागेल एवढ्याच अंतरावर, एकीनं पाय मारले की दुसरी मारायची.

"ती दुसरी कोण?"

"मुस्कान. आमच्या संस्थेतलीच. रत्नागिरीची हाय. ती जरा पलीकडं, मी दिसंल अशी थांबलेली असते, मी कॅमेरा ठेवून आले की दोघी मिळून पुढं."

"ती कशाला?"

"एकटं जायचं न्हाय, आबा. नेमच हाय तसा. जोडीनंच उतरायचं, जोडीनंच वर यायचं. एकीची हवा संपली, काय अडकलं, तर दुसरी जवळ असाय पायजे. वरच्या माणसाला खालचं कुटं दिसतंय?"

पडद्यावर वर्षाचा हात पुढं आला. चित्र हललं, बुडबुडे झाले आणि सगळं थांबलं.

गणपतरावांचा चेहरा वाकडा झाला आणि त्यांनी टॉवेल तोंडाला लावला.

"विज्याजवळ कुणी नव्हतं," ते टॉवेलातून म्हणाले. "मी वर हुतो. दोरी वढत हुतो. त्येचा हात आत, आणि मी वरनं वढतोय. दोरी टाकून उडी मारायची हुती गं मी. नेम, नेम करत बसलो. जवळ जायला पायजे हुतं."

वर्षानं त्यांच्या गुडघ्यावर डोकं ठेवलं. संयोगिता आत गेली, तिनं गार झालेल्या भाकऱ्या परत तव्यावर टाकल्या. त्या दिवशी जेवण झालं ते चार वाजता, आणि कुणी कुणाच्या तोंडाकडं न बघता.

पुढचे काही दिवस टीव्ही बंद राहिला. दस्तगीर येऊन बसले, 'पाण्यात राहून माशाशी वैर का धरलंस' म्हणून चिडवून गेले. गणपतरावांनी तब्येतीचं कारण सांगितलं. वर्षा बॅग भरत होती आणि भरता भरता थांबत होती. आबा 'जा' म्हणत नव्हते, 'जाऊ नको' म्हणत नव्हते. त्यांनी एकदा 'नको' म्हटलं असतं तर ती गेली नसती, हे घरात तिघांनाही माहीत होतं. म्हणूनच ते बोलत नव्हते.

दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी नातीला बोलावलं.

"त्या पोरीला फोन लाव."

"कुणाला?"

"तुझ्या जोडीदारणीला."

वर्षानं फोन लावून त्यांच्या हातात दिला. गणपतरावांनी घसा खाकरला. "हॅलो. मुस्कान का? मी गणपतराव चौगले बोलतोय, कोल्हापुरास्नं. वर्षाचा आबा."

"नमस्कार, आजोबा. बोला ना."

"एक इचारतो, खरं सांग. खाली गेल्यावर तू मासं बघतीस का हिच्याकडं बघतीस?"

फोन स्पीकरवर होता. पोरगी हसेल असं वर्षाला वाटलं होतं. ती हसली नाही.

"मासे बघते, आजोबा. ते कामच आहे. पण सारखी मान वळवून हिला बघते. ही दिसली नाही तर मासे सोडून देते."

"हातातलं काम सोडून दितीस?"

"हो. पाटी, पेन्सिल, सगळं. आधी ती."

गणपतरावांनी फोन तोंडाजवळ ओढला. "ह्येच ध्यानात ठेव, पोरी. हातातलं सोडायचं. कुणी काय सांगू दे, हातातलं सोडून द्यायचं आणि जवळ जायचं."

"हो, आजोबा."

"बास." त्यांनी फोन परत दिला आणि अंगणात जाऊन, अजून न वाळलेल्या धुण्याचे चिमटे उगाच सारखे करत उभे राहिले. दुपारच्या गाडीनं वर्षा गेली.

दिवाळी झाली. नदी खाली उतरली, काठावर मोटारी परत बसल्या. वर्षाकडून नवी फिल्म आली. या खेपेला पुढचं-मागचं काही कापलेलं नव्हतं. दस्तगीर आपली खुर्ची ओढून बसले, गणपतरावांनी बटण दाबलं. हात, कॅमेरा, काचेमागचे दोन डोळे. मग पोरगी वळली आणि निळ्यात गेली.

दस्तगीर काहीतरी बोलायला गेले. गणपतरावांनी हातानं थांबवलं.

संयोगिता आतून आली आणि उंबऱ्यावर बसली. या घरात एवढ्या फिल्म लागल्या, पण तिनं कधी पडद्याकडं सरळ बघितलं नव्हतं. पाणी बघवायचं नाही तिला. आजही तिची पाठ टीव्हीकडंच होती. ती सासऱ्यांच्या तोंडाकडं बघत होती. मासे आले, गेले, दस्तगीरनी दोनदा 'अरारारा' केलं, ती वळली नाही. म्हाताऱ्याच्या कपाळावरच्या आठ्या, मिटलेले ओठ, न हलणाऱ्या पापण्या, तेवढंच ती बघत राहिली. चुलीवर आधण आटत होतं.

मग त्या आठ्या सैल झाल्या.

"आल्या," गणपतराव म्हणाले. "दोघीबी आल्या."

संयोगिता उठली आणि भाकरी थापायला आत गेली.